जसे होते तसे बसा

त्यांनी आयुष्यात कधी गाडी चालवली नव्हती. हे मी ऐकीव लिहीत नाही. त्यांनाच एकदा विचारलं होतं. स्टेअरिंगला हातसुद्धा लावला नाही, असं त्यांनी सांगितलं आणि त्याचं त्यांना काही वाटतंय असं दिसलं नाही. तरीही आमच्या इमारतीतल्या नऊ गाड्यांपैकी सहा गाड्यांचा फ्यूजचा डबा नेमका कुठे आहे, हे मालकांच्या आधी त्यांना ठाऊक झालं होतं. उरलेल्या तीन गाड्या नव्या होत्या. त्यांची पाळी अजून आली नव्हती, एवढंच.

हिंगण्याच्या एका कारखान्यात ते एकतीस वर्षं विजेच्या दुरुस्तीवर होते. निवृत्त झाल्यावर आमच्या तळमजल्यावर एकटे राहत. सगळे त्यांना काका म्हणत, मीही म्हणे. त्यांच्या स्वयंपाकघराची खिडकी पार्किंगमध्ये उघडायची. कोणाची गाडी एका चावीत सुरू झाली आणि कोणाची दोनदा खोकली, हे त्यांना चहा गाळता गाळता कळे. आपण समोरून आलो की आधी गाडीकडे पाहायचे, मग आपल्याकडे, आणि मान हलवायचे. तो नमस्कार आपल्याला होता की गाडीला, हे मला कधी ठरवता आलं नाही.

शर्टाच्या खिशात चष्म्याचं जुनं घर असे. चष्मा नाकावरच असायचा. त्या घरात फ्यूज असत. गाडीचा फ्यूज म्हणजे नखाएवढा प्लास्टिकचा तुकडा, खाली दोन पाय, आत एक बारीक पट्टी. तारेतून ठरल्यापेक्षा जास्त वीज वाहू लागली की ती पट्टी वितळते आणि ती तार बंद पडते. लाल दहा अँपिअरचा, निळा पंधराचा, पिवळा विसाचा, हिरवा तिसाचा. काका रंग मानत नसत. उन्हानं रंग उडतो, आकडा वाच, म्हणायचे. हे मला मनापासून पटायचं. मी पाटबंधारे खात्यात नोंदीचं काम करतो. धरणांच्या पाण्याच्या पातळ्या रोज येतात, त्या मी सेंटीमीटरपर्यंत लिहितो. 'अंदाजे' हा शब्द माझ्या रजिस्टरात चालत नाही. इमारतीत आम्ही दोघंच असे होतो की ज्यांना आकड्याबद्दल बोललेलं कंटाळवाणं वाटत नसे. म्हणून आमचं जमायचं, असं मी समजत होतो.

लोक त्यांच्यावर चिडायचे ते वेगळ्याच कारणानं. फ्यूज उडाला म्हणून त्यांना बोलावलं की ते तो चिमट्यानं उपसत, उजेडाकडे धरून तुटलेली पट्टी पाहत, आणि मग नवा बसवायच्या ऐवजी हात पुढे करून गाडीची चावी मागत. ती खिशात टाकत. नवा टाकून द्या, कामावर जायचंय, असं कोणी म्हटलं तर ऑटोनं जा म्हणत. त्यांचं म्हणणं असं की फ्यूजनं त्याचं काम केलं, आता आपलं बाकी आहे. का उडाला हे सापडल्याशिवाय नवा बसवायचा नाही आणि चावी द्यायची नाही. पहिल्या मजल्यावरच्या डॉक्टरीणबाई त्यामुळे एकदा दोन दिवस ऑटोनं दवाखान्यात गेल्या. दुसऱ्या दिवशी त्यांनी काकांच्या दाराची बेल सलग किती वेळ वाजवली ते सगळ्या इमारतीनं ऐकलं. काका आतून म्हणाले की बेलचाही फ्यूज आहे.

कारण शोधायची त्यांची पद्धतही अशी, की पहिल्यांदा पाहणाऱ्याला वेड्याचा कारभार वाटावा. फ्यूज उडाला तेव्हा गाडीत जे जे होते, त्या सगळ्यांनी येऊन त्याच जागेवर बसायचं. हातात जी पिशवी होती ती घ्यायची. जे केलं ते पुन्हा करायचं. गाडी जागेवर उभीच. काका उघड्या दाराशी उलटी बादली टाकून बसत आणि म्हणत, "जसे होते तसे बसा."

माझ्या शेजारच्या बिऱ्हाडाचं जरीपटक्याला कपड्याचं दुकान आहे. त्यांच्या गाडीत मागचं दाखवणारा कॅमेरा लावला होता आणि त्याचा फ्यूज दर रविवारी उडे. बाकीचे सहा दिवस काही नाही. मेकॅनिकनं दोनदा कॅमेरा बदलला. काकांनी रविवारी सकाळी सगळ्या कुटुंबाला गाडीत बसवलं. सासूबाई मागे, मधे डबा, नवरा स्टेअरिंगवर. काकांनी त्याला तोंडानं रस्ता सांगत जायला लावलं. तो म्हणाला, आता सिग्नल, आता पूल, आता समोरून बस आली. बस आली म्हटल्याबरोबर मागे बसलेल्या सासूबाईंनी दोन्ही पाय पुढच्या सीटखाली घट्ट रोवले. जावयाच्या गाडी चालवण्यावर त्यांचा विश्वास नव्हता. दर वेळी त्या पायांनी स्वतःचा ब्रेक लावत. कॅमेऱ्याची तार त्याच सीटखालून नेली होती, आणि त्यांच्या टाचेनं ती सोलून निघाली होती. त्या फक्त रविवारी देवळात जायला गाडीत बसत. काकांनी तारेवर नळी चढवली, फ्यूज बसवला आणि चावी परत केली. सासू-जावई पुढे महिनाभर एकमेकांशी जपून बोलत होते.

मी त्यांना विचारलं होतं की हेच घरी जाऊन विचारलं असतं तर. सगळ्यांना उन्हात बसवायची काय गरज? त्यावर ते जे बोलले ते मी त्यांच्याच शब्दांत देतो.

"घरात विचारलं तं घरातलं उत्तर भेटते गा. 'काही केलं नाही' म्हणते माणूस, अन् खरंच वाटते त्याले. गाडीत बसला का हात आपोआप करते, जे करते ते. मले तोंड नाही पाहाचं, हात पाहाचा आहे."

हे ऐकून मी हसलो होतो. तेव्हा माझी गाडी ठीक होती.

माझी आई माझ्याजवळ असते. तेव्हा ती शहात्तर वर्षांची होती. तिची फुप्फुसं आक्रसत चालली आहेत. ते बरं होत नाही, सांभाळायचं असतं. नाकात नळी आणि सोबत पिशवीएवढं ऑक्सिजनचं यंत्र, चोवीस तास. यंत्राची बॅटरी मी तीन वेळा मोजली: भरल्यापासून संपेपर्यंत तीन तास, वर दोन-तीन मिनिटं. ती मी धरत नाही. आईची थोरली बहीण, माझी मावशी, भंडाऱ्याच्या अलीकडे एका खेड्यात राहते. चौऱ्याऐंशी वर्षांची, अंथरुणावर. दोघींची दोन वर्षांत भेट नव्हती. फोनवर दोघींना एकमेकींचं ऐकू येत नसे. एक ओरडायची, दुसरी धापा टाकायची, आणि मग फोन माझ्या हातात यायचा. आई दुसरं काही मागत नव्हती. मावशीकडे एकदा नेऊन आण, एवढंच.

आमच्या घरापासून मावशीचं दार त्रेसष्ट किलोमीटर. जायला एक तास चाळीस मिनिटं, यायला तेवढीच. तीन तास वीस मिनिटं झाली, आणि बॅटरी तीन तास. मावशीच्या गावी उन्हाळ्यात लाईटचा भरवसा नसतो. वरची वीस मिनिटं आणि तिथे थांबायचा वेळ भरून काढायला एकच मार्ग होता: गाडीतलं चार्जरचं सॉकेट. गिअरच्या पुढे असतं ते गोल भोक. यंत्राची एक वायर त्यात बसते आणि गाडी चालू असेतो बॅटरी भरत राहते. घरी लावून पाहिलं होतं, चालत होतं.

एप्रिलमध्ये निघालो. आई पुढे, यंत्र तिच्या पायाशी, बायको मागे. मांडीवरून जाणारी वायर आईला नको वाटायची, म्हणून पहिला तासभर बॅटरीवर जाऊ आणि मग लावू, असं ठरलं. कन्हानचा पूल ओलांडून दोन किलोमीटर गेलो, तेव्हा एकोणचाळीस किलोमीटर झाले होते. बायकोनं मागून वाकून वायर सॉकेटमध्ये खोचली. यंत्रावरचा चार्जिंगचा दिवा लागला नाही. काढून पुन्हा खोचली. नाही लागला. मी गाडी कडेला घेतली, मावशीच्या मुलाला फोन केला. त्यांच्याकडे सकाळपासून लाईट नव्हती.

मी हिशेब केला. बॅटरी एक तास पंचावन्न मिनिटं उरली होती. पुढे गेलो तर पस्तीस मिनिटं जाण्यात, उरली एक तास वीस. परत यायला एक तास चाळीस. वीस मिनिटं कमी. मागे वळलो तर पासष्ट मिनिटांत घर. उत्तर एकच येत होतं. मी आईला आकडे सांगितले. ती पुढच्या काचेतून रस्त्याकडे पाहत राहिली. चोवीस किलोमीटर राहिले होते. मी गाडी वळवली. तो निर्णय बरोबर होता हे मी आजही कागदावर मांडून दाखवीन. पण त्या दिवशी घरी येईपर्यंत मला आईकडे पाहता आलं नाही.

मी हे काकांना सांगितलं नाही. धरमपेठेतल्या डॉक्टरांकडे आईच्या तपासण्या चालू होत्या, दर आठवड्याला नेणं होतं, आणि काकांनी चावी खिशात टाकली तर ती परत कधी मिळेल याचा नेम नव्हता. सॉकेटचा फ्यूज पंधराचा होता, उडाला होता. डब्याच्या झाकणात एक जास्तीचा असतो, तो मी बसवला. मोबाइलचा चार्जर लावून पाहिला, चालला. आठवड्यानं धरमपेठेत जाताना यंत्र लावलं, तर एका गतिरोधकावर दिवा विझला. दुसराही उडाला.

दुकानात पंधराचा नव्हता. तिसाचा होता. आणि इथे मी, जो अर्धा सेंटीमीटर वर लिहीत नाही, तो तिसाचा घेऊन आलो. माझा विचार असा होता की पंधरा पुरत नाहीत म्हणून उडतो. तर भिंत उंच केलेली बरी, पाणी वरून जाणार नाही. मला तो चांगला विचार वाटला होता, हे मुद्दाम लिहून ठेवतो.

हिरवा फ्यूज उडाला नाही. मी निर्धास्त झालो, म्हणजे झाल्यासारखा वागलो. त्याच आठवड्यात काका सकाळी माझ्या गाडीपाशी उभे दिसले. मागची काच दोन बोटं खाली राहिली होती आणि ते तिथे नाक लावून उभे होते. मला पाहून त्यांनी दार उघडायला सांगितलं. डब्याचं झाकण काढलं. हिरवा फ्यूज पाहिला, त्यावरचा आकडा वाचला. मग त्यांनी तो उपसला आणि हात पुढे केला. मी चावी दिली.

"धरणाचं काम करतोस ना तू? सांडवा बुजवून ठेवला गा तू, सांडवा. आता पाणी कुठून जाईन? भिंत फोडून जाईन. तार जळंन, फ्यूज नाही जळणार. अन् त्या तारेच्या बाजूले तुझी माय बसते, ऑक्सिजन घेऊन."

ते मला एरवीही अरे-तुरे करत, पण असा आवाज मी त्यांचा ऐकला नव्हता. हिंगण्याच्या कारखान्यात त्यांच्या पाळीत काही घडलं होतं का, असं मला नंतर अनेकांनी विचारलं. इमारतीत त्याबद्दल तीन वेगवेगळ्या हकिगती आहेत. मला एकही पडताळून पाहता आली नाही, म्हणून इथे देत नाही.

मग नेहमीप्रमाणे त्यांनी सांगितलं की त्या दिवशी जे होते ते सगळे खाली आण. मी म्हटलं, आई येणार नाही. आमच्या इमारतीला लिफ्ट नाही, आम्ही दुसऱ्या मजल्यावर, मे महिना लागला होता, आणि दवाखान्यासाठी आठवड्यातून एकदा उतरवतानाच तिचा जीव मेटाकुटीला येई. आईच्या जागी मी बसतो आणि माझ्या जागी कोणालाही बसवा. काका म्हणाले, तू तुझी माय नाहीस. मी म्हटलं, तिनं काही केलेलं नाही, ती नुसती बसून होती. काका म्हणाले, मग नुसती बसू दे. असे चार दिवस गेले. त्या चार दिवसांत आईला धरमपेठेला न्यायचा वार चुकला, बायको माझ्याशी कामापुरतं बोलू लागली, आणि मी जिन्याच्या पायऱ्या मोजल्या: छत्तीस. आई अकरा पायऱ्यांवर थांबते हे मला माहीत होतं. खुर्चीत बसवून उतरवलं तरी खुर्ची घसरली तर, नळी अडकली तर, वॉचमनचा पाय चुकला तर. मला झोपेतही पायऱ्या दिसत.

पाचव्या दिवशी आईनंच विषय काढला. तिला सगळं ऐकू येत होतं. "मले खाली नेऊन टाक एकदा," ती म्हणाली. "त्या बुवाचं काय ते होऊन जाऊ दे. मले जाचं आहे बाईकडे." बाई म्हणजे मावशी.

सकाळी साडेसहाला, ऊन चढायच्या आत, मी आणि वॉचमननं तिला प्लास्टिकच्या खुर्चीत खाली आणलं. बायको यंत्र घेऊन बरोबरीनं एकेक पायरी उतरत होती. काका बादलीवर बसले होते. आईला पाहून ते उठले, खुर्ची गाडीच्या दाराशी येईपर्यंत उभे राहिले, आणि मग म्हणाले, "ताई, तुम्हाले तरास झाला. जसे होते तसे बसा."

आम्ही बसलो. मी स्टेअरिंगवर. काकांनी मला रस्ता सांगायला लावला. मी किलोमीटरसकट सांगू लागलो: पारडी, अकरा, टोलनाका, माथनी. प्रत्येक ठिकाणी ते विचारत, "अजून काय?" बायकोनं सांगितलं की तिनं आईंना पाणी दिलं. अजून काय? आईंनी काच उघडायला सांगितली, तर बायकोनंच नको म्हटलं, बाहेर धूळ आणि झळ होती. अजून काय? काही नाही. मला ते सगळं निरर्थक वाटत होतं, आणि माझं लक्ष यंत्राच्या बॅटरीवर होतं. मग मी म्हणालो, कन्हानचा पूल.

आईनं हात जोडले. मग तिचा हात कमरेच्या बटव्याकडे गेला. तिनं एक रुपयाचं नाणं काढलं, कपाळाला लावलं, बंद काचेकडे पाहिलं, आणि अगदी सहज, देवळातल्या पेटीत टाकावं तसं, गिअरच्या पुढच्या गोल भोकाकडे नेलं.

तिथे तिचा हात थांबला. तिनं आमच्याकडे पाहिलं.

नदी आली की तिच्यात नाणं टाकायचं, हे आईनं जन्मभर केलंय. मला ते माहीत होतं, इतकं माहीत होतं की मला दिसतही नव्हतं.

"सूनबाई म्हणे, काच उघडू नका," आई म्हणाली. "मंग म्हटलं, इथंच टाकतो. गल्ल्यावानी दिसलं मले. हा काढून टाकीन नदीत, कधी एकटा गेला का. जातानी एक टाकला, येतानी एक टाकला." थोडं थांबून, दम घेऊन ती बायकोला म्हणाली, "तुयावर नाही बोलत वं मी. धूळ होतीच."

काका हसले नाहीत. त्यांनी आईला विचारलं, नाणी नवीन, लहान आकाराची होती का. ती हो म्हणाली. मग त्यांनी फ्यूज काढलेला आहे हे पुन्हा एकदा पाहिलं, चिमट्याला चिकटपट्टी गुंडाळली आणि सॉकेटच्या तळातून एकामागून एक दोन नाणी काढली. एकाची कड काळी पडली होती. नाणं आत आडवं पडायचं. गाडी उभी असली की नुसतं मधल्या खिळ्यावर टेकून राहायचं, म्हणून घरी सगळं चालायचं. वायर दाबून खोचली किंवा हादरा बसला की कड बाजूला लागायची, आणि फ्यूज जायचा. त्यांनी दोन्ही नाणी पुसून आईच्या हातात दिली.

मला वाटलं, झालं. मी दार उघडू लागलो. काका सॉकेट बाहेर ओढून मागची तार पाहत होते. तारेचं वरचं आवरण वीतभर मऊ होऊन चपटं झालं होतं. त्यांनी ते बोटानं दाबून पाहिलं आणि माझ्याकडे न पाहता विचारलं, "अजून काय?"

मी म्हटलं, काही नाही, सगळं सांगितलं.

"हिरवा टाकल्यावर गाडी नेली ना तू कुठं? ही तार त्या दिवशी तापली. वास आला असंन तुले. अजून काय?"

मी स्टेअरिंगवर हात ठेवून बसलो होतो. शेजारी आई, मागे बायको. खरं असं होतं की तिसाचा फ्यूज टाकल्यावर मी आईला धरमपेठेला नेलं होतं, यंत्र सॉकेटला लावून. चार किलोमीटर राहिले असताना जळक्या प्लास्टिकचा वास आला. मी हळूच वायर उपसली, आपल्या बाजूची काच खाली केली आणि आईला म्हणालो की कोणीतरी कचरा जाळतंय. मग उरलेले चार किलोमीटर मी दर काही सेकंदांनी तिच्या पायाशी पाहत गाडी चालवली. थांबलो नाही. हे मी कोणालाही सांगितलं नव्हतं. माझ्या वहीत त्या दिवशीच्या नोंदीत फक्त जायची आणि यायची वेळ आहे.

"आला होता," मी म्हणालो. "थांबायला पाहिजे होतं. मी नाही थांबलो."

मग आई म्हणाली, "मलेही आला होता."

मी तिच्याकडे पाहिलं.

"कचऱ्याचा वास असा राहते का? तू आधीच इतका भेलेला. म्हटलं, अजून काहून सांगू याले."

काकांनी मान खाली घातली आणि तारेचं काम करायला लागले. जुनी तार कापून नवी जोडायला त्यांना पाऊण तास लागला. मी आईला वर नेऊ या म्हणालो, तर ती म्हणाली, राहू दे, इथं बरी हवा आहे. पंधराचा निळा फ्यूज त्यांनी माझ्या हातात दिला आणि आकडा वाचायला लावला. मी मोठ्यानं वाचला. बसवलाही मीच.

चावी मात्र त्यांनी दिली नाही. रविवारी सकाळी पाचला आम्ही खाली उतरलो, तेव्हा ते स्वच्छ शर्ट घालून गाडीपाशी उभे होते. पहिली फेरी आहे, मी येतो, एवढंच म्हणाले, आणि चावी माझ्या हातात ठेवून मागे बसले. बसले म्हणजे दोन सीटच्या मधून पुढे वाकून, सॉकेटमधून निघालेल्या वायरवर हात ठेवून. बायकोनं त्यांना उशी देऊ केली, ती घेतली नाही. त्रेसष्ट किलोमीटर त्यांनी एकदाही खिडकीबाहेर पाहिलं नाही. मी आरशात त्यांचा चेहरा पाहत होतो, ते वायरकडे पाहत होते, आणि आई समोर पाहत होती. प्रत्येक गतिरोधकावर माझे खांदे आपोआप वर जात. चार्जिंगचा दिवा जळत राहिला. एक तास अडतीस मिनिटांनी मी मावशीच्या दारात गाडी उभी केली. बॅटरी पूर्ण भरलेली होती.

काकांनी हात उचलला तर तळव्यावर वायरचा लाल वळ उठला होता. मावशीच्या मुलानं आणि मी आईला आत नेलं, खाटेशेजारी खुर्चीवर बसवलं. मी यंत्र जमिनीवर नीट ठेवून बाहेर आलो. काका आत यायला तयार नव्हते. अंगणात लिंबाखाली, गाडी दिसेल असे बसले होते. मी त्यांच्याशेजारी बसलो आणि घड्याळ पाहिलं.

दहा मिनिटांत आतून आवाज चढले. लग्नाआधीच्या कुठल्यातरी लुगड्यावरून दोघी भांडत होत्या. ते कोणी कोणाचं नेसलं आणि कोणी फाडलं, यावर. मावशी ऐकू येत नाही म्हणून ओरडत होती, आणि आईचा आवाज तर मी वर्षभरात एवढा मोठा ऐकला नव्हता. एवढं बोलायला तिला मनाई होती. मी उठलो.

काकांनी माझं मनगट धरून मला खाली बसवलं.

"भांडू दे गा," ते म्हणाले.

मी बसलो. आईला मधेच दम लागला आणि आवाज तुटला. मी श्वास रोखून ऐकू लागलो. मावशी गप्प होती. मग आईला दम आला, तिनं राहिलेलं वाक्य पूर्ण केलं, आणि ते पूर्ण झाल्यावरच मावशी पुन्हा ओरडायला लागली.